‘ही विभावरी कोण?’ : एका प्रश्नाची उलटतपासणी

आमच्या आत्याच्या ट्रंकेत एक पुस्तक सापडले, तिथून या लेखाची सुरुवात झाली. आत्या तालुक्याच्या गावी मुलींच्या शाळेत शिक्षिका होती. तिने लग्न केले नाही. निवृत्तीनंतर बरीच वर्षे एकटी राहिली आणि एका पावसाळ्यात गेली. तिची खोली रिकामी करण्याचे काम माझ्याकडे आले. ट्रंकेत वर दोन-चार सुती साड्या, त्याखाली नोकरीचे कागद, आणि तळाशी वर्तमानपत्राचे कव्हर घातलेले ‘कळ्यांचे निःश्वास’. पुस्तकातल्या एका कथेच्या पानांमध्ये मनीऑर्डरच्या पावत्या नीट ठेवलेल्या होत्या. १९५५ ते १९५८ या काळातल्या, कधी ३० रुपयांच्या, कधी ३५. सगळ्यांवर पैसे घेणाऱ्याचे नाव एकच होते, माझ्या वडिलांचे. ते तेव्हा पुण्यात कॉलेजात शिकत होते. ज्या कथेच्या पानांत त्या पावत्या होत्या तिचे नाव ‘बाबांचा संसार माझा कसा होणार?’

ट्रंकेत दोऱ्याने बांधलेला पत्रांचा एक जुडगाही होता. अक्षर घरातल्या कुणाचे नव्हते. त्याबद्दल शेवटी लिहितो.

मी वाणिज्य शाखेचा पदवीधर, एका सहकारी बँकेत कारकुनी केलेला माणूस. मराठी साहित्याचा अभ्यास मी ग्रंथालयांच्या बाकांवर बसून केला, तोही सुट्टीच्या दिवशी. कुणी गुरू नसला की माणूस आधी चरित्राकडे वळतो. अमुक कवितेतली ती कोण, तमुक कादंबरीतला नायक म्हणजे लेखकच का, याचा शोध मी अनेक वर्षे आवडीने घेतला. विभावरी शिरूरकरांकडेही मी त्याच उत्सुकतेने गेलो होतो. परत आलो तेव्हा तो प्रश्नच मला थोडा संशयास्पद वाटू लागला होता. असे का झाले, ते या लेखात मांडायचे आहे.

पुस्तकाआधीची बाळूताई

१९३३ साली ‘कळ्यांचे निःश्वास’ हा कथासंग्रह ह. वि. मोटे यांनी प्रकाशित केला. पाठोपाठ ‘हिंदोळ्यावर’ ही कादंबरी आली. दोन्हींवर लेखिकेचे नाव विभावरी शिरूरकर. या नावाची बाई कुणाच्या ऐकण्यातली नव्हती. पुस्तकांत शिकलेल्या, मिळवत्या, वय वाढत चाललेल्या अविवाहित मुलींच्या मनातले असे काही लिहिले होते की पांढरपेशा महाराष्ट्र हादरला. निषेध झाला, चर्चा झाली, आणि त्या सगळ्यात एक प्रश्न सतत फिरत राहिला : ही विभावरी कोण? हे खरोखर बाईचे लेखन आहे की बाईच्या नावाआडून कुणी पुरुष लिहितो आहे, अशीही शंका घेतली गेली.

ती होती बाळूताई खरे. जन्म १९०५, अलिबागजवळच्या आवास गावचा. वडील अनंतराव खरे शिक्षक, सुधारक विचारांचे. आई इंदिराबाईंनी दुधाचा धंदा पंचवीस वर्षे यशस्वीपणे चालवला. म्हणजे बाईने पैसे मिळवणे आणि हिशेब ठेवणे ही गोष्ट या मुलीने पुस्तकात वाचायच्या आधी घरातच पाहिली होती. आईवडिलांनी तिला लहान वयात हिंगण्याला धोंडो केशव कर्व्यांच्या संस्थेत शिकायला पाठवले. शाळा संपवून तिथल्याच महिला महाविद्यालयात ती गेली. शिकवायला स्वतः कर्वे आणि वामन मल्हार जोशी. विसाव्या वर्षी शिक्षण पूर्ण करून ती पुण्याच्या कन्याशाळेत शिक्षिका झाली.

हिंगण्याची ती संस्था काय होती, हे इथे लक्षात घ्यायला हवे. कर्व्यांनी १८९६ साली अनाथ बालिकाश्रम सुरू केला तो विधवांसाठी, आणि १९०० साली तो पुण्याबाहेर हिंगण्याच्या माळावर नेला. १९०७ मध्ये महिला विद्यालय आणि १९१६ मध्ये महिला विद्यापीठ सुरू झाले. बाळूताई तिथे गेली तेव्हा त्या आवारात बालविधवा होत्या, कुमारिका होत्या, संसारातून बाहेर पडावे लागलेल्या बायका होत्या. घरात ज्या गोष्टी माजघराच्या पलीकडे जात नाहीत, त्या वसतिगृहात दिवे मालवल्यावर बोलल्या जातात. पुढे शिक्षिका म्हणून तिच्यासमोर मुलींच्या पिढ्या आल्या. अविवाहित, वयाने फार मोठी नसलेली, घरातली नसलेली बाई : मुली मन मोकळे करतात ते अशाच बाईपाशी. हा माझा तर्क आहे, पण ज्यांच्या घरात अशी एखादी बाई होती त्यांना तो पटेल.

अठ्ठाविसाव्या वर्षी पुस्तक आले तेव्हा तिचे लग्न झालेले नव्हते. मुलीच्या लग्नाचे किमान वय चौदा ठरवणारा शारदा कायदा १९३० साली अमलात आला होता, आणि तेवढ्यावरूनही सनातनी मंडळी खवळली होती. त्या समाजात अठ्ठावीस वर्षांची अविवाहित शिक्षिका मुलींच्या देहाची आणि मनाची उपासमार लिहिते, तेव्हा वाचक ती ‘तिचीच’ गोष्ट समजणार हे उघड होते. टोपणनावाचे कारण म्हणून नोकरीची भीती सांगितली जाते. ती खरीच असणार. मुलींच्या शाळेतल्या बाईंनी असे लिहिले म्हटल्यावर पालकांनी काय केले असते, हे सांगायला नको.

पण टोपणनावाने झाकले जाणारे आणखीही कुणी होते. कथांमधल्या मुली ज्यांच्यावरून घडल्या, त्या पुण्याच्या गल्ल्यांत राहत होत्या, त्याच शाळा-कॉलेजांत होत्या. लेखिका बाळूताई खरे म्हणून ओळखली गेली असती, तर दुसऱ्या दिवशी लोकांनी तिच्या मैत्रिणी, सहशिक्षिका, विद्यार्थिनी मोजायला घेतल्या असत्या. कोणती कथा कुणाची, याचे कोष्टक घराघरांत तयार झाले असते. विभावरी म्हणजे रात्र. त्या रात्रीत एकटी बाळूताई उभी नव्हती, असे मला वाटते.

कायद्याचे पुस्तक आणि कादंबरी

माझ्या शोधात मला सर्वांत उपयोगी पडली ती गोष्ट प्रेमप्रकरणाची नाही, एका रुक्ष ग्रंथाची आहे. विभावरी होण्याआधी बाळूताई खऱ्यांच्या स्वतःच्या नावावर दोन अभ्यासग्रंथ होते. एक ‘अलंकारमंजूषा’. दुसरा, सहलेखकाबरोबर लिहिलेला ‘हिंदुव्यवहारधर्मशास्त्र’, म्हणजे हिंदूंच्या विवाह, वारसा यांसारख्या व्यवहारांचा शास्त्रीय विचार. या दुसऱ्या ग्रंथाकडे साहित्याचे अभ्यासक सहसा पाहत नाहीत, कारण तो साहित्य नाही.

तो ‘हिंदोळ्यावर’च्या शेजारी ठेवून पाहा. कादंबरीची नायिका अचला नवऱ्याने टाकलेली बाई आहे. तिला आयुष्य पुन्हा सुरू करायचे आहे, दुसऱ्या पुरुषाबरोबर घर हवे आहे, मूल हवे आहे. त्या काळच्या वाचकांना हे स्वैराचाराचे समर्थन वाटले. पण कायदा काय होता? मुंबई प्रांतात हिंदू नवऱ्याला दुसरी बायको करायला १९४६ पर्यंत मोकळीक होती. हिंदू बाईला घटस्फोट मिळण्याची सोय या प्रांतात १९४७ च्या कायद्याने झाली, देशभर १९५५ च्या हिंदू विवाह कायद्याने. बडोदा संस्थानाने १९३१ मध्येच तसा कायदा केला होता, पण पुण्याच्या अचलेला त्याचा काय उपयोग? टाकलेला नवरा दुसरी आणून सुखाने नांदू शकत होता. टाकलेली बायको मरेपर्यंत त्याचीच बायको होती. तिने कुणाबरोबर घर मांडले तर त्याला विवाह म्हणता येत नव्हते, आणि तिचे मूल औरस ठरत नव्हते.

म्हणजे अचला लग्नावाचून राहायचा विचार करते तो लेखिकेच्या बंडखोर स्वभावामुळे, हे अर्धेच खरे. कायद्याने तिच्यासाठी दुसरी वाट ठेवलेलीच नव्हती. हे ज्या लेखिकेला कळत होते तिने ते दोनदा लिहिले. एकदा शास्त्र म्हणून स्वतःच्या नावाने लिहिले, तेव्हा कुणी खवळले नाही. दुसऱ्यांदा तीच कोंडी एका बाईच्या अंगाने लिहिली आणि नाव लपवावे लागले.

लेखकाच्या खासगी आयुष्याचा लेखनावर परिणाम होतो असे आपण म्हणतो तेव्हा डोळ्यांसमोर असते ते प्रेम, विरह, भांडण, व्यसन. रोजची नोकरी, वाचलेले कायद्याचे पुस्तक, खोलीत बरोबर राहणाऱ्या मुली, आईचा दुधाचा हिशेब हे आपल्याला खासगी आयुष्य वाटत नाही. विभावरींच्या बाबतीत लेखनाला आकार दिला तो याच गोष्टींनी, असे मला दिसते. आयुष्याने त्यांना कथानक पुरवले की नाही हे मला महत्त्वाचे वाटत नाही. आयुष्याने त्यांना एका विशिष्ट जागी उभे केले, आणि तिथून जे दिसले, ऐकू आले, ते इतरांना दिसत नव्हते.

कुणाला स्वतःच्या नावाने लिहिता आले

याच सुमारास मराठीत दुसरी एक बाई घरातल्या गोष्टी अगदी मोकळेपणाने सांगत होती. लक्ष्मीबाई टिळकांच्या ‘स्मृतिचित्रे’चा पहिला भाग १९३४ चा, ‘कळ्यांचे निःश्वास’नंतर एका वर्षाचा. नवऱ्याचा लहरीपणा, वडिलांचे सोवळ्याचे वेड, नारायण वामन टिळकांनी १८९५ साली केलेले धर्मांतर आणि त्यानंतरची ताटातूट, सगळे लक्ष्मीबाईंनी स्वतःच्या नावाने सांगितले आणि महाराष्ट्राने ते डोक्यावर घेतले. मग विभावरीलाच पडदा का लागला?

लक्ष्मीबाईंचे असामान्य कर्तृत्व जराही कमी न लेखता एक फरक दाखवता येतो. १९३४ साली त्या सहासष्ट वर्षांच्या होत्या. टिळकांना जाऊन पंधरा वर्षे झाली होती. त्या आठवणी लिहिण्यामागे मुलाची, देवदत्तांची, वडिलांच्या चरित्राला साधन हवे ही इच्छा होती. त्याआधी १९१० साली रमाबाई रानड्यांनी ‘आमच्या आयुष्यातील काही आठवणी’ लिहिल्या, त्याही न्यायमूर्ती गेल्यानंतर आणि न्यायमूर्तींच्या. वृद्ध किंवा विधवा झालेल्या बाईने थोर पतीच्या निमित्ताने आपले खासगी सांगावे, एवढी परवानगी समाजाने दिलेली होती. लक्ष्मीबाईंनी त्या परवानगीच्या पोटात किती काही दडवून आणले, हा त्यांचा खोडकर मोठेपणा. बाळूताईकडे थोर पती नव्हता, वैधव्य नव्हते, वय नव्हते. सांगायचे होते तेही घडून गेलेले नव्हते, तिच्या आसपास चालूच होते. चालू असलेल्या आयुष्यावर बोलायला बाईला परवानगी नव्हती.

पुरुषांची टोपणनावे आठवली की हे आणखी स्पष्ट होते. गडकरी कवितेत गोविंदाग्रज आणि विनोदात बाळकराम झाले, शिरवाडकर कुसुमाग्रज झाले. त्या नावांमागे कोण हे रसिकांना ठाऊक असे, आणि ठाऊक असण्यात सगळ्यांनाच आनंद असे. ती नावे शेल्यासारखी होती. बाळूताईचे नाव घोंगडीसारखे होते, पावसात डोक्यावर घेतलेल्या.

कुंपणाच्या आत

ओळख पुढे उघड झाली. १९३६ मध्ये तिने शाळा सोडली आणि सोलापूरच्या सेटलमेंटवर सरकारी अधिकारी म्हणून गेली. १८७१ च्या कायद्याने ब्रिटिशांनी काही जमाती जन्मानेच गुन्हेगार ठरवल्या होत्या. सोलापुरात अशा कुटुंबांना काटेरी तारेच्या कुंपणात ठेवलेले होते. हजेरी, परवाना, विचारून बाहेर जाणे, विचारून परत येणे. १९३८ मध्ये विश्राम बेडेकरांशी लग्न झाले. १९४० मध्ये नोकरी सोडली. या अनुभवावरची ‘बळी’ ही कादंबरी आली १९५० साली, मुंबई राज्याने तो कायदा रद्द केल्याच्या दुसऱ्या वर्षी.

तोवर बाई कोण हे सगळ्यांना माहीत होते, तरी कादंबरीवर नाव विभावरी शिरूरकर असेच राहिले. मला हे लक्षणीय वाटते. मालतीबाई बेडेकर हे नाव सामाजिक कार्यासाठी, सभांसाठी. आडोशाची गरज संपल्यावरही कथा सांगणारी बाई मात्र विभावरीच. घरातली आणि कचेरीतली बाई एक, आणि पाहून ठेवणारी दुसरी, हा भेद बहुधा तिला सवयीचा झाला होता. विश्राम बेडेकरांनी पुढे १९८४ साली आत्मचरित्र लिहिले त्याचे नाव ‘एक झाड आणि दोन पक्षी’. मुंडक उपनिषदातले ते दोन पक्षी, एक फळ खाणारा आणि दुसरा नुसता पाहणारा. त्या घरात राहणाऱ्या दोघांनाही ही विभागणी ठाऊक होती, असे म्हणायला हरकत नाही.

‘बळी’च्या बाबतीत एक अडचण मात्र मान्य केली पाहिजे. शाळेत ती मुलींच्यातलीच एक होती. सेटलमेंटवर ती कुंपणाच्या आत गेली ती हजेरी घेणाऱ्यांच्या बाजूने. तिच्या करुणेबद्दल मला शंका नाही, पण ज्या जागेवरून ती पाहत होती ती जागा सरकारी होती. पुढे १९८० मध्ये लक्ष्मण माने यांचे ‘उपरा’ आणि १९८७ मध्ये लक्ष्मण गायकवाडांचे ‘उचल्या’ आले, तेव्हा हेच जग दुसऱ्या बाजूने, ज्यांची हजेरी घेतली जाई त्यांच्या वारसांकडून, मराठीला कळले. ‘बळी’ त्यामुळे खोटी ठरत नाही. लेखकाचे आयुष्य त्याला काय पाहू देते आणि काय पाहू देत नाही, याचा हिशेब मात्र मांडता येतो. चरित्राचा खरा उपयोग मला इथे दिसतो.

खरेमास्तर आणि अण्णा

१९५३ साली तिने ‘खरेमास्तर’ लिहिले. सगळा महाराष्ट्र जिच्या खासगी आयुष्याचे कुतूहल करत आला होता, ती बाई घरातले सांगायला बसली आणि पुस्तकाला नाव दिले वडिलांचे. मुलींना शिकवण्यासाठी ज्याने जनरीत मोडली तो शिक्षक तिने मध्यभागी बसवला.

आधी मला यात हुलकावणी दिसली होती. आता वाटते की तिने वाचकाला सरळ उत्तर दिले आहे. ‘बाबांचा संसार माझा कसा होणार?’ या प्रश्नाकडेही मी तसेच परत गेलो. ती कथा मिळवत्या थोरल्या मुलीची आहे. तिच्या पगारावर वडिलांचे घर चालते आणि तिचे स्वतःचे घर होणे मागे पडत जाते. लिहिणारीच्या स्वतःच्या घरात वडिलांनी मुलींना पंख दिले होते. म्हणजे ती कथा ‘तिची’ असण्याची शक्यता कमीच. ‘ही विभावरी कोण?’ असे विचारणाऱ्या वाचकांची ती होती. मुलीच्या पगारावर चालणारी घरे त्यांची होती. कोण लिहिते हे शोधत राहिले की कुणाबद्दल लिहिले आहे ते पाहावे लागत नाही. १९३३ सालच्या त्या कुतूहलाचा मला लागलेला अर्थ हा आहे.

तो मला ग्रंथालयात लागला नाही. पत्रांचा तो जुडगा घेऊन मी वडिलांकडे गेलो होतो. ते तेव्हा पंचाहत्तरीला आले होते. मी म्हणालो, “अण्णा, आत्याच्या ट्रंकेत ही पत्रे आहेत. कुणाची असतील? तिच्यावर काही लिहावे म्हणतो.” त्यांनी पत्रांकडे पाहिले, हात लावला नाही. मग पुस्तक मागितले आणि त्यातल्या पावत्या एकेक करून बघितल्या. बराच वेळ गेला.

“अक्काचं काय शोधतोस?” ते म्हणाले. “पावत्या माझ्या नावाच्या आहेत. लिहायचंच असेल तर माझं लिही.”

पत्रांचा दोरा मी सोडला नाही. तो जुडगा अजून तसाच माझ्या कपाटात आहे. मनीऑर्डरच्या पावत्या मात्र मी तारीखवार लावल्या. एकूण एकेचाळीस आहेत. तीन वर्षे, सहा महिने. मधला एक महिना चुकला आहे. त्या महिन्यात काय झाले होते, हे मी अण्णांना विचारले. त्यांना आठवले नाही.